दिवाळीची छुट्टी, बोनस आणि पार्ट टू ऑर्डर: जवानांसाठी आणि त्यांच्या घरच्यांसाठी

दरवर्षी नवरात्र बसलं की पारावर एक प्रश्न हमखास येतो. "अण्णा, आमचा पोरगा दिवाळीला बॉर्डरवर ड्युटी करणार, मग त्याला त्या दिवसाचा पगार डबल मिळतो का हो?" विचारणाऱ्याचा दुसरा मुलगा कारखान्यात असतो, सणाला कामावर गेला की त्याला जादा पैसे मिळतात, म्हणून धाकट्यालाही मिळत असतील असा हिशेब.

मिळत नाही. फौजेत 'सुट्टीच्या दिवशी काम केल्याचा पगार' असा प्रकारच नाही. ओव्हरटाइम नाही, डबल हजेरी नाही. जवान चोवीस तास ड्युटीवर धरलेला असतो, मग ती दिवाळी असो की अमावस्या. पण याची दुसरी बाजू अशी की तो महिना-दोन महिने घरी येऊन झोपाळ्यावर बसला तरी त्याचा मूळ पगार चालूच राहतो. सणासुदीच्या आसपास मिळणाऱ्या आणखीही बऱ्याच गोष्टी आहेत. त्यातल्या निम्म्या आपोआप मिळतात. उरलेल्या निम्म्या कागद वेळेवर हलला तर मिळतात, नाहीतर बुडतात.

मी युनिटमध्ये क्लर्क होतो. बंदुकीपेक्षा रजिस्टर जास्त धरलं. त्यामुळे हे बुडणं फार जवळून पाहिलं आहे, एकदा स्वतःचंही. खाली लिहिलंय ते प्रामुख्याने लष्करातल्या जवानांसाठी आहे. गावाकडे सीमा सुरक्षा दल, सीआरपीएफ सगळ्यांनाच 'मिलिटरीत आहे' म्हणतात, पण ती दलं गृह मंत्रालयाची. त्यांची रजा, भत्ते, कँटीन सगळं वेगळं. त्यांनी हे वाचून आपल्या ऑफिसात भांडू नये.

छुट्टी किती असते

जवान 'सुट्टी' म्हणत नाही, 'छुट्टी' म्हणतो, तर तोच शब्द चालू ठेवू. कॅलेंडर वर्षात, म्हणजे १ जानेवारी ते ३१ डिसेंबर, जवानाला ६० दिवस वार्षिक रजा आणि ३० दिवस कॅज्युअल रजा असते. युनिटच्या भाषेत एएल आणि सीएल. अधिकाऱ्यांना एएल तितकीच, सीएल २० दिवस. एवढ्या एका बाबतीत जवान साहेबांच्या पुढे आहे.

दोन्ही रजांचा स्वभाव वेगळा आहे आणि सणाचं नियोजन इथेच फसतं. सीएल ड्युटीतच धरली जाते, पण ती एएलला जोडून मिळत नाही. "वीस दिवस एएल आणि वर दहा दिवस सीएल जोडून गणपती ते घटस्थापना घरी थांबतो" हा बेत दरवर्षी कोणीतरी करतं आणि दरवर्षी क्लर्क त्याच्यावर पाणी ओततो. सीएल त्या वर्षातच संपवायची, पुढच्या वर्षात ती जात नाही. डिसेंबरअखेर सुरू होऊन जानेवारीत शिरली, तर जानेवारीतले दिवस नव्या वर्षाच्या सीएलमधून कापले जातात.

एएल तुकड्यांत घेता येते. एक मोठा तुकडा, एक छोटा. लोक पहिल्याला 'पार्ट एएल' आणि उरलेल्याला 'बॅलन्स एएल' म्हणतात. शहाणा जवान मोठा तुकडा सणाला न घेता घराच्या कामाला घेतो (बांधकाम, सोयरीक, ऊसतोड) आणि सणाला सीएल टाकतो. आठ-दहा दिवसांची सीएल मंजूर करताना कंपनी कमांडरच्या कपाळाला एवढ्या आठ्या पडत नाहीत.

अग्निवीरांचं गणित निराळं. त्यांना वर्षाला ३० दिवस रजा असते आणि आजारपणाची रजा डॉक्टरच्या सल्ल्यावर. त्यांना महागाई भत्ता (डीए) आणि मिलिटरी सर्व्हिस पे (फौजेतल्या नोकरीबद्दल पगारावर मिळणारी वेगळी रक्कम) लागू नाही, ठरलेलं पॅकेज असतं: पहिल्या वर्षी महिना ३०,०००, त्यातले ९,००० सेवा निधीत जातात आणि २१,००० हातात येतात. त्यामुळे पुढे डीएच्या थकबाकीबद्दल जे लिहिलंय ते त्यांना लागू नाही. घरच्यांनी शेजारच्या जुन्या जवानाशी तुलना करून पोराला टोचू नये, एवढीच विनंती.

छुट्टीचा कागद आधीच भरला जातो

दिवाळीची छुट्टी दिवाळीला मागायची नसते. युनिटमध्ये लीव्ह प्लॅन बनतो. माझ्या वेळी तो चौकटीच्या मोठ्या कागदावर पेन्सिलीने आखायचो. डाव्या बाजूला खाली खाली नावं, वर आडवे महिने. ज्याला जेव्हा हवी तिथे बारीक टिंब. कागद भरून आला की लांबूनच दिसायचं: मार्च-एप्रिलमध्ये गावच्या जत्रांमुळे टिंबांची गर्दी, मे महिन्यात लग्नसराईची आणि ऑगस्ट-सप्टेंबरच्या रकान्यात तर शाईचा डाग पडावा तशी कोकणातल्या पोरांची टिंबं एकावर एक. आणि जुलै कोरा. जुलैत कोणाला घरी जायचं नसतं, भातलावणी असलेल्यांना सोडून.

एका वेळी ठरावीक टक्केच माणसं छुट्टीवर सोडता येतात. मराठा पलटणीत अडचण अशी की सगळ्यांचा सण एकच. मिश्र पलटणीत ओणमला केरळची मुलं जातात, छठला बिहारची, तेव्हा आपले लोक पोस्ट धरतात आणि गणपतीला त्याची परतफेड होते. सबंध कंपनी सातारा-कोल्हापूर-रत्नागिरीची असली की परतफेड करायला कोणीच उरत नाही. मग गेल्या वर्षी गणपतीला कोण गेला होता हे पाहून यंदा दिवाळी कोणाला द्यायची ते ठरतं.

म्हणून पहिली पायरी: वर्षाच्या सुरुवातीला, फार तर प्लॅन बनेल तेव्हा, आपलं टिंब कुठे पडतंय ते बघा. सेक्शन कमांडर, प्लाटून हवालदार, सीनियर जेसीओ (सुभेदार दर्जाचा माणूस) या क्रमानेच बोला. थेट साहेबांकडे गेलात तर खालचे तिघे वर्षभर लक्षात ठेवतात. कारण खरं सांगा. 'आई आजारी' हे कारण दर दिवाळीला वापरलं की ज्या वर्षी आई खरंच आजारी पडते त्या वर्षी कोणी ऐकत नाही. बहिणीचं लग्न असेल तर पत्रिका द्या, बांधकाम असेल तर स्लॅबची तारीख सांगा. आणि घरच्यांनी छुट्टीच्या भरवशावर साखरपुड्याची तारीख काढू नये. नियमातच लिहिलंय की रजा हा हक्क म्हणून मागता येत नाही.

मे २०२५ मध्ये ऑपरेशन सिंदूरच्या वेळी कितीतरी गावांत हे दिसलं. अंगावरची हळद उतरायच्या आत पोरं बॅग उचलून निघाली. असं परत बोलावणं आलं तर जाताना दोन गोष्टी नोंदवून घ्यायच्या: उरलेले दिवस खात्यात परत जमा होणं आणि परतीचा प्रवास सरकारी कामाचा धरला जाणं. गडबडीत कोणाला सुचत नाही, मग डिसेंबरमध्ये शिल्लक मोजताना डोकं खाजवत बसतात.

तिकीट: साठ दिवसांचा खेळ

घरी जाण्याच्या प्रवासाचे मुख्य प्रकार दोन. पहिला रेल्वे वॉरंट, म्हणजे सरकारी खर्चाचा प्रवास, जो वार्षिक रजेला गावी जाताना वापरला जातो. दुसरा फॉर्म डी, ज्यावर साधारण निम्म्या भाड्यात तिकीट मिळतं. तो जादा फेऱ्यांसाठी. वॉरंट सीएलवर उधळू नका. मोठ्या छुट्टीला कुटुंब बरोबर असेल तेव्हा ते कामाला येतं. चार वर्षांच्या ब्लॉकमध्ये भारतात कुठेही जाण्याची एलटीसी (प्रवासखर्चाची सवलत) असते ती वेगळी. तिचा विचार नवी लग्नं झालेल्यांनी जरूर करावा, बाकीच्यांना गावच बरं वाटतं.

आता वॉरंटची तिकिटं बहुतेक डीटीएस या संगणकी यंत्रणेतून निघतात. तिथे जवानाची आणि त्याच्या कुटुंबाची नोंद बरोबर असेल तरच गाडी पुढे सरकते.

१ नोव्हेंबर २०२४ पासून रेल्वेचं आगाऊ आरक्षण १२० दिवसांवरून ६० दिवसांवर आलं. जुन्या लोकांच्या डोक्यात अजून चार महिनेच आहेत. २०२६ ची गणेश चतुर्थी १४ सप्टेंबरला आहे, म्हणजे त्या आठवड्यातल्या गाड्यांचं बुकिंग जुलैच्या दुसऱ्या आठवड्यात उघडतं. लक्ष्मीपूजन ८ नोव्हेंबरला आहे, तर त्याचा हंगाम सप्टेंबरच्या पहिल्या आठवड्यात. या तारखांना छुट्टी मंजूर झालेली नसली, तरी प्लॅनमध्ये नाव आहे एवढ्यावर क्लर्कच्या मागे लागा. आणि जायचं तिकीट काढताना परतीचंही काढा. भाऊबीजेनंतर पुण्याहून उत्तरेकडे जाणाऱ्या गाडीत पाय ठेवायला जागा नसते आणि तेव्हा उशीर झाला तर त्याची किंमत फार मोठी आहे. ती पुढे सांगतो.

आरक्षण नाहीच मिळालं तर मोठ्या स्टेशनवरचं एमसीओ, म्हणजे मूव्हमेंट कंट्रोल ऑफिस. ठरावीक गाड्यांत लष्कराचा कोटा असतो, तो तिथून मिळतो. लीव्ह सर्टिफिकेट, ओळखपत्र, तिकीट घेऊन वेळेआधी जायचं. गाडी सुटायला अर्धा तास असताना धावत जाणाऱ्याला तिथला हवालदार काय करणार? जम्मूकडची पोरं वर्षानुवर्षं झेलम एक्स्प्रेसने पुण्याला उतरतात. त्या गाडीत कोणाच्या तरी ट्रंकेवर बसून का होईना, पण माणूस घरी पोचतो. विमान कंपन्याही लष्करातल्या लोकांना वेगळं भाडं देतात, पण दिवाळीच्या आठवड्यात त्या सवलतीनंतरचं भाडंही एरवीच्या पूर्ण भाड्यापेक्षा जास्त असतं. महिनाभर आधी पाहिलंत तरच परवडेल.

पार्ट टू ऑर्डर म्हणजे काय आणि ती का छळते

युनिटमध्ये तुमच्या आयुष्यात जे काही घडतं (छुट्टीवर गेला, परत आला, लग्न झालं, मूल झालं, बढती मिळाली, कोर्स झाला) ते पार्ट टू ऑर्डर नावाच्या कागदावर प्रसिद्ध होतं. तो कागद तुमच्या रेकॉर्ड ऑफिसला आणि पे अकाउंट्स ऑफिसला, म्हणजे पीएओला जातो. मराठा लाइट इन्फंट्रीचं सेंटर बेळगावला, महार रेजिमेंटचं सागरला, बॉम्बे सॅपर्सचं खडकीला. पगार करणारा माणूस तुम्हाला ओळखत नाही. तुमचं लग्न कोल्हापुरात हजार पानांच्या पंगतीत झालं असेल, पण पार्ट टू निघाली नाही तोवर पीएओच्या लेखी तुम्ही ब्रह्मचारी.

माझंच सांगतो. माझं लग्न मे महिन्यात झालं. परत आलो आणि दुसऱ्यांच्या पार्ट टू टाइप करण्यात गुंतलो. स्वतःच्या लग्नाचा दाखला ट्रंकेच्या झाकणात, कागदी पिशवीत. आज देतो, उद्या देतो. दिवाळीला बायकोला फॅमिली क्वार्टरवर न्यायची ठरली, वॉरंट काढायला गेलो तर रेकॉर्डला बायकोच नाही. समोरचा क्लर्क माझाच मित्र. म्हणाला, "उस्ताद, वहिनी कुठल्या?" तिचं तिकीट खिशातून काढलं आणि पुढे दोन वर्षं ऑफिसात कोणाची पार्ट टू अडली की माझं नाव घेऊन हसायचे. क्लर्कची ही गत, तर पोस्टवर बसलेल्या पोराची काय होत असेल!

तेव्हा कामाची यादी म्हणून नव्हे, पण सवय म्हणून एवढं करा. लग्न, मुलाचा जन्म, नावातली दुरुस्ती यांचे दाखले मिळाले त्याच आठवड्यात कंपनी ऑफिसात द्या आणि पार्ट टूचा नंबर आणि तारीख स्वतःच्या डायरीत लिहा. 'दिली आहे' हे उत्तर घेऊ नका, नंबर घ्या. दाखल्यावर बायकोचं नाव आणि आधारवरचं नाव एक आहे का ते गावाकडेच तपासा. आपल्याकडे लग्नात नाव बदलण्याची पद्धत अजून आहे आणि दाखल्यावर माहेरचं, आधारवर सासरचं, पॅनवर तिसरंच अशी गत असते. छुट्टीवर आलात की पहिले चार दिवस पाहुण्यांना द्या, पाचव्या दिवशी तहसील आणि ग्रामपंचायत.

पैसे: काय, कधी, किती

पहिली गोष्ट डीए. महागाई भत्ता वर्षातून दोनदा, १ जानेवारी आणि १ जुलैपासून बदलतो. पण जुलैचा निर्णय बहुतेकदा दसरा-दिवाळीच्या तोंडावर जाहीर होतो आणि मागचे महिने थकबाकी म्हणून एकदम येतात. घरी 'दिवाळीचे पैसे आले' म्हणतात ते बऱ्याचदा हेच असतात. २०२५ मध्ये १ ऑक्टोबरला निर्णय झाला: १ जुलैपासून ५५ टक्क्यांचा डीए ५८ झाला. हिशेब सोपा आहे. समजा नाईकाचा मूळ पगार ३०,५०० आणि मिलिटरी सर्व्हिस पे ५,२००. डीए दोन्हींवर मिळतो. ३५,७०० चे ३ टक्के म्हणजे महिना १,०७१. जुलै, ऑगस्ट, सप्टेंबर मिळून ३,२१३ रुपये थकबाकी. एवढेच. टीव्हीवर 'जवानांची दिवाळी गोड' असं ओरडतात, तेव्हा ते किती गोड आहे ते स्वतः मोजा आणि मगच फ्रिजचा हप्ता ठरवा.

दुसरी गोष्ट बोनस. केंद्राच्या गट क आणि अराजपत्रित गट ब कर्मचाऱ्यांना तदर्थ बोनस मिळतो आणि अर्थ मंत्रालयाच्या आदेशात सशस्त्र दलांतल्या पात्र लोकांनाही तो देय आहे असं स्पष्ट लिहिलेलं असतं. ३० दिवसांच्या पगाराइतका असं म्हणतात खरं, पण हिशेबाला महिन्याचा पगार जास्तीत जास्त ७,००० च धरतात. ७,००० गुणिले ३०, भागिले ३०.४, म्हणजे ६,९०८ रुपये. पगार पंचवीस हजार असो की पन्नास, बोनस ६,९०८. अट अशी की ३१ मार्चला सेवेत असावं आणि त्या आर्थिक वर्षात किमान सहा महिने सलग सेवा झालेली असावी. वर्ष पूर्ण नसेल तर महिन्यांच्या प्रमाणात. खडकी-देहूरोडच्या दारूगोळा कारखान्यातल्या शेजाऱ्याला याहून जास्त मिळतो, कारण त्यांचा बोनस उत्पादकतेशी जोडलेला आहे. दोघंही 'डिफेन्सचेच', पण चूल वेगळी.

तिसरी गोष्ट बहुतेक तरुण पोरांना ठाऊकच नसते: एलटीसीला जाताना १० दिवसांपर्यंतची रजा विकता येते. सबंध नोकरीत असे ६० दिवस. मूळ पगार आणि डीए यांची बेरीज भागिले ३०, गुणिले १०. वरच्याच नाईकाचा मिलिटरी सर्व्हिस पे हिशेबात न धरताही ५८ टक्के डीएने ४८,१९० होतात आणि दहा दिवसांचे सोळा हजार. ही खरी दिवाळीची रक्कम! पण तिला अर्ज लागतो, खात्यात शिल्लक रजा लागते, एलटीसी मंजूर असावी लागते आणि अर्थातच पार्ट टू. निघण्याच्या आदल्या दिवशी आठवून उपयोग नाही. सेवेच्या गरजेमुळे न घेता आलेली वार्षिक रजा साठवता येते, निवृत्तीला जास्तीत जास्त ३०० दिवसांचे पैसे मिळतात आणि सरकारी नोकराला निवृत्तीची ती रक्कम करमुक्त असते. म्हणून 'छुट्टी मिळाली नाही, गेली' असं म्हणून सोडू नका. ती नोंदली गेली का ते ३१ डिसेंबरच्या आधी विचारा.

चौथी, छोटी, पण दर छुट्टीला मिळणारी: रेशन मनी. युनिटमध्ये जेवण सरकारचं. छुट्टीवर असताना तुम्ही सरकारचं खात नाही, म्हणून तेवढ्या दिवसांचे ठरलेल्या दराने पैसे मिळतात. दर सरकार वेळोवेळी बदलतं. छुट्टीवर गेल्याची आणि परत आल्याची, दोन्ही नोंदी पोचल्या तरच ते पडतात. परत आल्याची राहिली की अडकतात आणि कोणाच्या लक्षातही येत नाही, कारण रक्कम लहान असते. वर्षाचे ९० दिवस जोडलेत तर लहान राहत नाही.

आणि एक न मिळणारी गोष्ट. दर दसऱ्याला व्हॉट्सअ‍ॅपवर 'जवानांना १०,००० रुपये सण अग्रिम, बिनव्याजी' असा निरोप फिरतो. सातव्या वेतन आयोगानंतर सण अग्रिम बंद झाला. २०२० च्या ऑक्टोबरात सरकारने १०,००० ची योजना आणली होती, ती एकदाच, मार्च २०२१ पर्यंत. तोच जुना कागद अजून फिरतोय. त्याखाली लिंक असेल तर अजिबात दाबू नका. छुट्टीवर आलेल्या जवानाच्या फोनवर डल्ला मारणारे याच मोसमात सक्रिय असतात.

हे सगळं आलं की नाही ते पगारपत्रकावर दिसतं. लष्कराच्या हमराज अ‍ॅपवर ते मिळतं. ऑक्टोबर आणि नोव्हेंबरची दोन पत्रकं शेजारी शेजारी ठेवून वाचा. जमा बाजूला डीएची थकबाकी, बोनस, रेशन मनी शोधा. वजा बाजूला नवं काही कापलंय का ते बघा. उंचीवरचे किंवा फील्डचे भत्ते छुट्टीच्या काळात प्रत्येक भत्त्याच्या नियमाप्रमाणे चालतात, म्हणून मोठ्या छुट्टीनंतर हातात कमी आले तर आधी तिथे नजर टाका आणि मग घरात आरडाओरडा करा. बायकोला पगारपत्रक वाचायला शिकवा. आमच्या गल्लीत एक वहिनी आहेत, नवरा अरुणाचलला. त्या दर महिन्याला फोनवर पत्रक उघडून चष्मा कपाळावर चढवून एकेक आकडा वहीत उतरवतात. गेल्या वर्षी दोन महिन्यांची रेशन मनी राहिल्याचं त्यांनीच पकडलं, नवऱ्याला पत्ताही नव्हता.

कराचं थोडक्यात: बोनस आणि नोकरीत असताना विकलेली रजा करपात्र आहे. नव्या करपद्धतीत एलटीसीची सूटही मिळत नाही. पण २०२५-२६ पासून त्या पद्धतीत १२ लाखांपर्यंतच्या उत्पन्नावर कर लागत नाही, त्यामुळे बहुतेक जवानांनी यावर झोप उडवायची गरज नाही.

कँटीन

लष्कराच्या कँटीनना माल पुरवणारी सीएसडी १९४८ पासून आहे आणि तिचं मुख्य कार्यालय मुंबईतच. सामानाच्या कार्डावर महिन्याची मर्यादा असते, म्हणून २०२६ सारखी नोव्हेंबरच्या पहिल्या आठवड्यातली दिवाळी फायद्याची. तेल, साबण, उटणं ऑक्टोबरच्या कार्डात घ्या, उरलेलं १ नोव्हेंबरनंतर. फक्त महिनाअखेरीला बऱ्याच कँटीन स्टॉक मोजायला बंद असतात, फोन करून जा. सातारा, कोल्हापूरच्या कँटीनला दिवाळीच्या आधीच्या आठवड्यात टोकनची रांग पहाटे लागते. सुनेला आणि सासऱ्याला दोघांनाही पाठवू नका, कार्ड एकच आहे.

गाडी, फ्रिज, टीव्ही या मोठ्या वस्तू 'अगेन्स्ट फर्म डिमांड' म्हणजे एएफडीतून येतात आणि जानेवारी २०२१ पासून त्यांची मागणी ऑनलाइन करता येते. सीएसडीला जीएसटीत निम्मी सवलत आहे, फरक तिथे पडतो. पण मागणी, पैसे भरणं, मंजुरीचा कागद, डीलरकडे हजेरी यात आठवडे जातात. पाडव्याला दारात मोटारसायकल हवी असेल तर गणपती उठले की सुरुवात करा. माझं मत विचाराल तर दुचाकीला एएफडी घ्यावीच, टीव्हीला मात्र बाजारातल्या दिवाळी ऑफरशी ताडून बघा, कधी कधी बाहेर स्वस्त पडतो.

रमबद्दल लिहिलं नाही तर लेख अपुरा राहील. गावाकडे काकांची अपेक्षा असते. पण राजस्थानकडून येणाऱ्या गाड्या गुजरातमधून येतात आणि तिथे दारूबंदी आहे. कँटीनची बाटली आहे म्हणून रेल्वे पोलीस सोडत नाही. कोटा गावाजवळच्या कँटीनमधून उचला. आणि विकायची तर अजिबात नाही. एका बाटलीच्या नफ्यापायी नोकरी घालवलेला माणूस मी पाहिला आहे.

उशीर, आजारपण आणि परतीची तारीख

लीव्ह सर्टिफिकेटवरची परतीची तारीख दगडावरची रेघ. आर्मी अ‍ॅक्ट, १९५० च्या कलम ३९ मध्ये बिनरजा गैरहजेरी आणि पुरेशा कारणाशिवाय छुट्टी संपूनही न परतणं, दोन्ही गुन्हे आहेत आणि शिक्षा तीन वर्षांच्या कैदेपर्यंत जाऊ शकते. गैरहजेरीच्या प्रत्येक दिवसाचा पगार कापला जातो तो निराळा. ३० दिवस झाले की कोर्ट ऑफ इन्क्वायरी बसते. एवढी टोकाची वेळ क्वचित येते, बहुतेकदा शिक्षा युनिटमध्येच निभावते. पण लाल शाईची नोंद पुढे बढतीच्या वेळी बरोबर समोर येते.

म्हणून काही घडलं तर तारीख उलटण्याच्या आधी युनिटला कळवा, आणि नुसता मित्राला फोन करून नाही. लेखी, मुदतवाढ मागून, आणि पाठवल्याचा पुरावा ठेवून. स्वतः आजारी पडलात तर जवळच्या लष्करी रुग्णालयात जा. पुणे, खडकी, देवळाली, अहिल्यानगर, कामठी इथे आहेत, मुंबईत नौदलाचं अश्विनी आहे, कोल्हापूर-सिंधुदुर्गकडच्यांना बेळगाव जवळ. हलण्यासारखी स्थिती नसेल तर सरकारी रुग्णालयात दाखल व्हा, कागद घ्या आणि जवळच्या स्टेशन हेडक्वार्टरला कळवा. खासगी दवाखान्याची नुसती चिठ्ठी सर्वात कमकुवत. पूर आला, रस्ता बंद पडला तर तहसीलदाराचा किंवा जिल्हा सैनिक कल्याण कार्यालयाचा कागद कामाला येतो.

आणि छुट्टी नाहीच मिळाली तर

मग घरून डबा जातो. पोस्टवर बडाखाना (सगळ्यांची एकत्र मेजवानी) होतो, गणपतीला मराठा पलटणी बंकरातही मूर्ती बसवतात, ते सगळं खरं. पण घरचा चिवडा तो घरचा. पत्ता असा: आर्मी नंबर, हुद्दा, नाव, युनिट, मार्फत ५६ एपीओ किंवा ९९ एपीओ (एपीओ म्हणजे लष्कराचं टपाल ऑफिस), आणि ९ ने सुरू होणारा पिन कोड. ठिकाणाचं नाव लिहायचं नाही, तो कुठे आहे हे तुम्हाला ठाऊक असलं तरी. पार्सल टपालानेच पाठवा, खासगी कुरिअर एपीओला पोचत नाही.

दसऱ्यालाच पाठवा, तीन आठवडे हाताशी ठेवून. करंज्या आणि ओल्या नारळाचं काही नको, वाटेत आंबतं. बेसनाचे लाडू, शंकरपाळे, भाजक्या पोह्यांचा चिवडा टिकतो. चकल्या घालायच्याच असतील तर पत्र्याच्या डब्यात आडव्या लावा, मधल्या फटींत चिवडा ओता म्हणजे हलणार नाहीत. तरी तुटतातच. पण पोस्टवर तुटलेल्या चकल्या चमच्याने खातात, आणि सात-आठ जण असतात, तेव्हा डबा थोडा मोठा घ्या.